याचिका निष्फळ ठरली म्हणून निकाली निघाली, मग मूळ प्रश्नाचं काय?

कृष्णाकाठ

माझी मावशी आमच्या गावची सरपंच होती. तिच्यावर अतिक्रमणाची तक्रार झाली. घराची पडवी गावठाणातल्या सरकारी जागेत पुढे आली आहे, असं तक्रारदाराचं म्हणणं. पडवी तिच्या सासऱ्यांच्या काळातली. ग्रामपंचायतीच्या नमुना नंबर 8 ला, म्हणजे घरपट्टीच्या नोंदवहीत, घराची नोंद आहे, पण जागेची मोजणी कधी झालेलीच नाही. जिल्हाधिकाऱ्यांनी तिला अपात्र ठरवलं, विभागीय आयुक्तांनी अपील फेटाळलं, मग हायकोर्टात रिट, म्हणजे सरकारी आदेशाला आव्हान देणारी याचिका. स्थगिती मिळाली नाही. याचिका दाखल करून घेतली गेली, पण बोर्डावर, म्हणजे दिवसाच्या सुनावणीच्या यादीत, यायची, वेळ संपायची आणि पुढची तारीख पडायची. तेवढ्यात ग्रामपंचायतीची पाच वर्षांची मुदत संपली. अखेर मॅटर पुकारलं गेलं तेव्हा समोरच्या वकिलांनी सांगितलं, मुदतच संपली, आता यात काही उरत नाही. आदेश एका परिच्छेदाचा : मुदत संपल्यामुळे याचिका निष्फळ ठरली आहे, सबब निकाली काढण्यात येते.

मावशीनं मला विचारलं, "म्हणजे मी जिंकले का हरले?" मला उत्तर देता आलं नाही. पडवी अतिक्रमणात होती की नव्हती, हे हायकोर्टानं सांगितलंच नाही. गावात मात्र त्याच संध्याकाळी पारावर झालं की हायकोर्टानंही तिची याचिका फेटाळली. अपात्रतेचा मूळ आदेश कागदावर तसाच उभा आहे आणि नावामागे 'अतिक्रमणवाली' हा शिक्काही.

तेव्हापासून अशा बातम्या दिसल्या की मी थांबून वाचतो. विधान परिषदेच्या राज्यपालनियुक्त 12 जागांचं प्रकरण घ्या. नोव्हेंबर 2020 मध्ये तेव्हाच्या मंत्रिमंडळानं 12 नावांची यादी राज्यपालांकडे पाठवली. राज्यपालांनी हो म्हटलं नाही, नाहीही म्हटलं नाही. जनहित याचिका झाली. 13 ऑगस्ट 2021 ला मुंबई हायकोर्टानं सांगितलं की राज्यपालांना कोर्ट आदेश देऊ शकत नाही, पण ठराविक वाजवी मुदतीत निर्णय घेणं हे त्यांचं घटनात्मक कर्तव्य आहे आणि आठ महिने हा काळ पुरेसा होता. तरीही निर्णय आला नाही. जून 2022 मध्ये सरकार बदललं, नव्या सरकारनं सप्टेंबरमध्ये यादीच मागे घेतली. सुप्रीम कोर्टानं नेमणुकांना काही काळ रोखून धरलं, पण जुलै 2023 मध्ये तिथली याचिका मागे घेतली गेली. ऑक्टोबर 2024 मध्ये नव्या यादीतल्या सात जणांचा शपथविधी झाला आणि यादी मागे घेण्याविरुद्धची दुसरी याचिका हायकोर्टानं जानेवारी 2025 मध्ये फेटाळली. राज्यपालांचं कर्तव्य आहे असं कोर्टानं स्वच्छ सांगूनसुद्धा ते न पाळण्याचा काहीच परिणाम झाला नाही. दिवस गेले, एवढंच झालं.

माझं म्हणणं साधं आहे. याचिका निष्फळ होते ती आपोआप होत नाही. कोणीतरी ती निष्फळ करतं, नाहीतर कोर्टातला उशीर करतो. कोर्टानं ती बंद करण्याआधी, ही कोणामुळे रिकामी झाली आणि आत अजून काय उरलंय, हे दोन प्रश्न विचारायलाच हवेत. जाणकारांनी लिहावं.

सुमंत_ठाणे

मी कोर्टात नोकरी केली आहे, निवृत्त झालो. तुमच्या मावशींचं वाईट वाटलं. पण दुसरी बाजू मांडतो. कोर्ट हे सल्ला देणारं मंडळ नाही. ज्याला काही देता येईल अशा माणसासाठी ते बसतं. बदलीविरुद्ध आलेला कर्मचारी निवृत्त झाला, परीक्षेची तारीख बदलून मागणाऱ्याची परीक्षा होऊन गेली, पाडायची नोटीस पालिकेनंच मागे घेतली, तर न्यायमूर्तींनी निकाल लिहायचा तो कशासाठी? तितक्याच वेळात ज्याचं घर उद्या पडणार आहे त्याची सुनावणी होऊ शकते. अशा मेलेल्या मॅटरचे गठ्ठे मी स्वतः उचललेत. दोन्ही वकील उभे राहून म्हणतात, मायलॉर्ड, वर्क्ड आउट, म्हणजे यात आता काही उरलं नाही, आणि पाच मिनिटांत दहा प्रकरणं संपतात. ते आवश्यक आहे.

30 ऑगस्ट 2022 ला सुप्रीम कोर्टात एकाच दिवशी दोन मोठी उदाहरणं घडली. सरन्यायाधीश उदय लळीत यांच्या खंडपीठानं 2002 च्या गुजरात दंगलींसंबंधी पडून असलेल्या याचिका बंद केल्या, कारण विशेष तपास पथकाकडच्या नऊपैकी आठ खटल्यांचे निकाल लागले होते. आणि न्या. संजय किशन कौल यांच्या खंडपीठानं बाबरी मशीद पाडल्याबद्दलची अवमान याचिका संपवली. त्यातले याचिकाकर्ते 2010 मध्येच वारले होते, कल्याणसिंह 2021 मध्ये गेले, मूळ जागेच्या वादाचा निकाल 2019 मध्ये लागला होता. आता ती चालवून करायचं काय?

गोरेगावकर

सुमंतकाका, तुम्ही दिलेलं दुसरं उदाहरणच मला टोचतं. 1992 च्या घटनेबद्दलची अवमान याचिका 2022 मध्ये 'आता उशीर झाला' म्हणून बंद होते. उशीर कोणी केला? जे गेले त्यांनी तर नाही.

आम्ही आरेच्या जवळ राहतो, म्हणून तिथलं सांगते. 4 ऑक्टोबर 2019, शुक्रवार. मेट्रो 3 च्या कारशेडसाठी तोडायच्या झाडांविषयीच्या याचिका हायकोर्टानं फेटाळल्या आणि त्याच रात्री आरेत करवती सुरू झाल्या. वरच्या कोर्टात जायला एक दिवससुद्धा मिळाला नाही. अंधारात फ्लडलाइट लावून काम चाललं होतं, आमच्या गच्चीवरून आवाज ऐकू येत होता. जमलेल्या लोकांवर जमावबंदीचं कलम 144 लागलं, 29 जणांना अटक झाली. एका कायद्याच्या विद्यार्थ्याच्या पत्रावरून सुप्रीम कोर्टानं सुट्टीत खास खंडपीठ बसवलं, पण सोमवार, 7 ऑक्टोबर उजाडेपर्यंत 2,141 झाडं पडली होती. सरकारतर्फे सांगण्यात आलं की जेवढी तोडायची होती तेवढी तोडून झाली आहेत. कोर्टानं 'आता आणखी तोडू नका' म्हटलं. बैल गेला नि झोपा केला!

मेट्रो 3 मी रोज वापरते, ती हवीच होती. माझा आक्षेप त्या तीन रात्रींवर आहे. अपिलाची मुदत कायद्यानं दिलेली असताना ती मुदत संपायच्या आत वादाची वस्तूच नाहीशी करायची आणि मग कोर्टात येऊन 'आता काय उरलं' म्हणायचं, हे कोणत्याही पक्षाच्या सरकारनं केलं तरी चूकच.

देवगिरी

मी छत्रपती संभाजीनगर खंडपीठात वकिली करतो. दोन्ही बाजूंचं थोडं थोडं बरोबर आहे. धागाकर्त्यांचा प्रश्न नेमका आहे, म्हणून सविस्तर लिहितो.

आधी कायदा. खटला चालू असताना घडलेल्या घटनांची कोर्टानं दखल घ्यावी हे आपल्याकडे जुनं आहे. 1975 च्या पसुपुलेटी प्रकरणात न्या. कृष्ण अय्यर यांनी ते ठाम केलं. 2004 च्या शिपिंग कॉर्पोरेशन विरुद्ध मचाडो ब्रदर्स या निकालात तर सुप्रीम कोर्टानं म्हटलं की दावा निष्फळ झाला असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 151 खाली तो तिथेच संपवता येतो. तेव्हा कोर्टाला हा अधिकार आहे, यात शंका नाही.

पण हा अधिकार म्हणजे सक्ती नव्हे. त्यासाठी रुदुल साह प्रकरण प्रत्येकानं वाचावं. बिहारमधला माणूस. जून 1968 मध्ये सत्र न्यायालयानं त्याला निर्दोष सोडलं. तुरुंगातून तो बाहेर आला 16 ऑक्टोबर 1982 ला. निर्दोष ठरल्यानंतर 14 वर्षं आत! सुप्रीम कोर्टात हेबियस कॉर्पसची, म्हणजे बेकायदा कैदेतून सोडवण्याची, याचिका झाली, पण 22 नोव्हेंबर 1982 ला ती पुकारली गेली तेव्हा तो आधीच सुटलेला होता. सरकारी वकिलांना एकच वाक्य म्हणायचं होतं : माणूस बाहेर आहे, याचिकेत काही उरलं नाही. आणि सुटकेच्या मागणीपुरतं ते खरंही होतं.

तेव्हाचे सरन्यायाधीश यशवंत विष्णू चंद्रचूड, म्हणजे आपले पुण्याचे. त्यांनी फाइल बंद केली नाही. कारण याचिकेत सुटकेखेरीज इतर मागण्याही होत्या : पुनर्वसन, उपचारांचा खर्च, भरपाई. त्या मागण्यांवर सरकारला नोटीस गेली. सरकारनं उत्तर दिलं की तो वेडा होता म्हणून ठेवला होता. कोर्टानं ते मानलं नाही, कारण त्याला आधार देणारा धड कागदच समोर आला नाही. 1 ऑगस्ट 1983 च्या निकालात, आधी दिलेल्या 5,000 रुपयांखेरीज आणखी 30,000 रुपये द्यायचा हुकूम झाला. मूलभूत हक्क मोडला तर रिट याचिकेतच भरपाई मिळू शकते हा रस्ता या देशात तिथून मोकळा झाला. कोठडीतल्या मृत्यूंच्या प्रकरणांत आज जी भरपाई मिळते तिचं मूळ एका निष्फळ होऊ शकणाऱ्या याचिकेत आहे.

यात आम्हा वकिलांसाठी धडा हा की मागण्या लिहिताना हात आखडता घेऊ नये. 'आदेश रद्द करा' एवढंच लिहिलं तर आदेशाची मुदत संपली की याचिका संपली. 'आदेश बेकायदा होता असं जाहीर करा', 'नोंदीतून निष्कर्ष काढून टाका', 'भरपाई द्या', 'खर्च द्या' हे सोबत असलं तर समोरच्याला 'काही उरलं नाही' म्हणणं अवघड जातं. टेंडर आणि बढतीच्या प्रकरणांत तर पहिल्याच दिवशी मी एक ओळ मागतो : यापुढे होणारी कारवाई या याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहील. स्थगिती नाकारणारे न्यायमूर्तीही ही ओळ बहुधा देतात, आणि पुढे काम 80 टक्के झालं तरी तुमचं म्हणणं जिवंत राहतं.

स्थानबद्धतेची प्रकरणं सगळ्यात वाईट. धोकादायक समजल्या गेलेल्या माणसांना आत ठेवण्याच्या राज्याच्या एमपीडीए कायद्याखाली जास्तीत जास्त 12 महिने आत ठेवता येतं, तेही खटल्याविना. याचिका दाखल होऊन, सरकारचं उत्तर येऊन, अंतिम सुनावणी व्हायला वेळ लागला तर माणूस शिक्षा पूर्ण भोगून बाहेर येतो आणि याचिका निष्फळ. तडीपारीचंही तेच, कमाल दोन वर्षं. आदेश कितीही चुकीचा असो, तो लिहिणाऱ्या अधिकाऱ्याला कोणी विचारत नाही. काही खंडपीठं ही प्रकरणं आग्रहानं लवकर घेतात, त्यांचं कौतुक आहे. पण हे त्या त्या न्यायमूर्तींवर अवलंबून असू नये.

निफाडवाला

शेतीच्या तीन कायद्यांचं कोणी लिहिलं नाही म्हणून लिहितो. 12 जानेवारी 2021 ला सुप्रीम कोर्टानं कायद्यांना स्थगिती दिली आणि समिती नेमली. त्यात आपल्या शेतकरी संघटनेचे अनिल घनवट होते. मार्च 2021 मध्ये समितीनं बंद लिफाफ्यात अहवाल दिला. तो लिफाफा कोर्टानं लोकांपुढे उघडला नाही. नोव्हेंबरमध्ये पंतप्रधानांनी कायदे मागे घ्यायचं जाहीर केलं, संसदेनं ते रद्द केले, आणि याचिकांत अर्थच राहिला नाही. घनवटांनी मार्च 2022 मध्ये अहवाल स्वतःच जाहीर केला.

आमच्यात कायद्यांच्या बाजूचे होते, विरोधातलेही होते, लासलगावच्या बाजारात रोज वाद व्हायचे. पण शेतमालाच्या बाजारावर कायदा करायचा अधिकार केंद्राचा की राज्याचा, या एका प्रश्नाचं उत्तर दोघांनाही हवं होतं. बाजार समिती राज्याच्या कायद्यावर चालते. उद्या केंद्रानं पुन्हा असाच कायदा आणला तर आम्ही पहिल्या पायरीवर. स्थगिती द्यायला वेळ मिळाला, तर उत्तर द्यायला का मिळू नये?

पूर्वा_आयएलएस

कायद्याच्या तिसऱ्या वर्षाला आहे. निफाडवाला काकांच्या मुद्द्याला धरूनच, कोर्टानं उत्तर दिलेलीही उदाहरणं आहेत.

बोम्मई निकाल, 11 मार्च 1994, नऊ न्यायमूर्ती. कर्नाटकातलं बोम्मई सरकार 1989 मध्ये बरखास्त झालं होतं, निकाल येईपर्यंत तिथे निवडणूक होऊन दुसरं सरकार बसलं होतं. बोम्मईंना खुर्ची परत मिळणार नव्हतीच. तरी कोर्टानं राष्ट्रपती राजवट कधी लावता येईल याच्या मर्यादा आखल्या आणि शिवाय म्हटलं की पुढच्या वेळी विधानसभा पुन्हा जिवंत करण्याचा आणि गरज पडल्यास मधली निवडणूक थांबवण्याचा अधिकार आम्हाला आहे. म्हणजे प्रकरण निष्फळ होऊच नये याची सोय त्याच निकालात आहे.

2005 मध्ये मात्र बिहारची विधानसभा बरखास्त करणं घटनाबाह्य होतं असं म्हणूनही, निवडणूक सुरू झाल्यामुळे कोर्टानं जुनी विधानसभा परत आणली नाही. 2016 मध्ये अरुणाचलात आणली. आपल्याकडे 11 मे 2023 ला सुप्रीम कोर्टानं म्हटलं की बहुमत चाचणीला बोलावण्याची राज्यपालांची कृती योग्य नव्हती, पण उद्धव ठाकरे यांनी चाचणीला सामोरं न जाता राजीनामा दिल्यामुळे ते सरकार परत आणता येत नाही.

नोटाबंदीसुद्धा. डिसेंबर 2016 मध्ये घटनापीठाकडे सोपवलेलं प्रकरण ऑक्टोबर 2022 मध्ये सुनावणीला आलं तेव्हा केंद्राचं म्हणणं होतं की आता हा केवळ पुस्तकी प्रश्न आहे. कोर्टानं ते ऐकून प्रकरण थांबवलं नाही. 2 जानेवारी 2023 ला 4 विरुद्ध 1 असा निकाल आला. न्या. नागरत्ना यांनी प्रक्रिया बेकायदा ठरवली, पण आता मागे जाता येत नाही असंही लिहिलं. दिलासा शून्य असूनही त्या मतभेदाच्या निकालाचं मोल मोठं आहे, कारण पुढच्या सरकारला तो वाचावा लागेल.

सुमंत_ठाणे

पूर्वा, छान मांडलंस. घटनापीठासमोरचे प्रश्न वेगळे, हे मला मान्यच आहे. निवडणूक याचिकांचाही एक नियम सांगतो, तो तुमच्याच बाजूचा आहे. विधानसभेची मुदत संपली की निवडणूक याचिका बहुधा निष्फळ होते. पण भ्रष्ट आचरणाचा आरोप असेल तर होत नाही, कारण दोषी ठरल्यास पुढे सहा वर्षांपर्यंतची अपात्रता लागू शकते. विलेपार्ल्याची डिसेंबर 1987 ची पोटनिवडणूक आठवा. डॉ. रमेश प्रभू निवडून आले, हायकोर्टानं एप्रिल 1989 मध्ये निवड रद्द केली आणि सुप्रीम कोर्टाचा निकाल आला 11 डिसेंबर 1995 ला. मध्ये दोन विधानसभा निवडणुका होऊन गेल्या होत्या. तरी निकाल लागला आणि त्यातून बाळासाहेब ठाकरेंचा मतदानाचा हक्क सहा वर्षांसाठी गेला. पदाची मुदत संपली तरी परिणाम उरतो तिथे कोर्टानं चालवलं.

मृण्मयी_न्यूजर्सी

इथला एक ताजा निकाल सांगावासा वाटतो. एका माणसाचं नाव विमानबंदीच्या यादीत घातलं, त्यानं सरकारवर दावा लावला, सरकारनं 2016 मध्ये नाव काढून टाकलं आणि म्हटलं, आता वाद संपला. मार्च 2024 मध्ये अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टानं एकमतानं सांगितलं की असं चालणार नाही. ज्यानं कृत्य केलं त्यानं मध्येच ते आपणहून थांबवलं तर वाद संपत नाही, पुन्हा तसं करणार नाही हे त्यानंच दाखवून द्यायचं. ओझं सरकारवर. भारतातही हा नियम असाच सरसकट लागला तर किती नोटिसा 'मागे घेतल्या' म्हणून निसटणार नाहीत!

दुसरं म्हणजे, जो प्रश्न दर वेळी कोर्टाच्या वेगापेक्षा लवकर संपतो पण पुन्हा पुन्हा उभा राहतो, तो इथे निष्फळ मानत नाहीत. 1973 च्या, गर्भपाताच्या हक्काविषयीच्या रो विरुद्ध वेड खटल्यात गरोदरपण केव्हाच संपलं होतं, तरी कोर्टानं निकाल दिला. पुढे 2022 मध्ये तो निकाल उलटवला गेला, पण खटला ऐकण्याचं हे कारण अजून वापरात आहे. देवगिरीसाहेबांनी सांगितलेली 12 महिन्यांची स्थानबद्धता याच जातीची वाटते मला.

देवगिरी

अगदी त्याच जातीची. मृण्मयीताई, हा मुद्दा इथल्या कोर्टातही मांडता येतो, आम्ही मांडतोही. अडचण अशी की अशील सुटून घरी गेला की त्याला पुढची सुनावणी नको असते. फी कोण भरणार? त्यामुळे वकीलच उभा राहून 'निष्फळ' म्हणतो. सगळा दोष कोर्टावर टाकण्यात अर्थ नाही.

कृष्णाकाठ, आता तुमच्या मावशींबद्दल. आदेशाची प्रमाणित प्रत घेतलीत का? त्यातली शेवटची ओळ बघा. 'गुणवत्तेवर कोणतंही मत न देता' किंवा 'सर्व मुद्दे खुले ठेवून' असे शब्द आहेत का?

कृष्णाकाठ

प्रत वकिलांकडे आहे, मी फोटोवरून वाचतोय. तसं काहीच नाही. फक्त 'मुदत संपल्यामुळे निष्फळ, सबब निकाली. रूल डिस्चार्ज्ड.' (म्हणजे दाखल करून घेतानाचा हुकूम संपुष्टात) एवढंच.

आणि खरी भीती पुढची आहे. पुन्हा निवडणूक लागली तर मावशीला उभं राहायचंय. छाननीच्या दिवशी कोणी जुना अपात्रतेचा आदेश पुढे केला तर?

देवगिरी

करतील, हे धरूनच चाला. निवडणूक निर्णय अधिकाऱ्यासमोर तो आदेश आला की त्याला रद्द करणारा कागद तुमच्याकडे नाही. कुटुंबाच्या ताब्यातल्या जुन्या अतिक्रमणावरही सदस्याला अपात्र ठरवता येतं, असं 2018 च्या जनाबाई प्रकरणात सुप्रीम कोर्टानं म्हटलंय, तेव्हा 'पडवी सासऱ्यांची' एवढं उत्तर पुरणार नाही.

दोन कामं एकत्र सुरू करा. एक, वकिलांना सांगून हायकोर्टात पुनर्विलोकन किंवा स्पष्टीकरणाचा अर्ज करा. मागणी एवढीच : अतिक्रमणाच्या निष्कर्षावर कोर्टानं मत दिलेलं नाही आणि पुढच्या निवडणुकीत तो मावशींच्या विरुद्ध वापरला जाऊ नये, हे नोंदवावं. पुनर्विलोकनाची मुदत साधारण 30 दिवसांची असते. उलटली असेल तर विलंब माफीचा अर्ज सोबत जोडा आणि उशिराचं कारण खरंखुरं लिहा. दोन, भूमी अभिलेखकडे मोजणीची फी भरून टाका. पडवी हद्दीत निघाली तर प्रश्नच मिटला. बाहेर निघाली तर तेवढा भाग निवडणुकीआधी काढून घ्या आणि ग्रामसेवकाकडून पंचनामा करून घ्या, तारखेसकट.

कृष्णाकाठ

आदेश होऊन महिना व्हायचाय अजून. वकिलांना आत्ताच फोन केला, सोमवारी बोलावलंय. मोजणीचा अर्ज मामा करतोय, पण घर अजून सासऱ्यांच्याच नावावर आहे आणि ते हयात नाहीत. अर्ज कोणाच्या सहीनं करायचा?

देवगिरी

सगळ्या वारसांच्या सहीनं. मृत्यूचा दाखला, वारसांचं प्रतिज्ञापत्र आणि नमुना 8 चा ताजा उतारा जोडा. वारस नोंदीचा अर्ज ग्रामपंचायतीकडे त्याच दिवशी द्या आणि पोच घ्या. पोच दिली नाही तर रजिस्टर पोस्टानं पाठवा.